सप्रेम भेटीचं पान

सुगतनं पुस्तक मोबाईलवर उतरवलं ते काही चोरी करायची म्हणून नव्हे बुवा. त्याच्या लेखी ते दानच होतं. बार्शीटाकळीच्या बालवाडीत तीस वर्षं पोरं सांभाळलेल्या चतुराबाईंनी आपली जीवनकहाणी लिहिली, पदरमोड करून छापली. एवढं चांगलं पुस्तक समाजानं वाचायला नको? म्हणून त्यानं एकेक पान टिपलं, पीडीएफ केली आणि ग्रुपवर टाकली. धडाधड हात जोडलेली चित्रं आली. गडी खूश!

घोळ केला पहिल्या पानानं. प्रत भेट देताना बाईंनी त्यावर टपोऱ्या अक्षरात लिहिलं होतं, 'चि. सुगतला सप्रेम भेट.' हा शहाणा तेही पान टिपून बसला. आता अकोल्यापासून अमरावतीपर्यंत ज्याच्यात्याच्या मोबाईलवर पुस्तकाआधी याचंच नाव. अमरावतीची मावसबहीण प्रणाली फोनवर चिडवायला लागली तेव्हा कुठं हे त्याच्या ध्यानात आलं. त्यानं घाईघाईनं फाईल काढून टाकली, पण तोवर ती शंभर ठिकाणी गेली होती. तेव्हापासून त्याला अन्न गोड लागेना.

चौदा एप्रिलला अकोल्यात पुस्तकांची दुकानं लागली. जयंतीला एक तरी पुस्तक विकत घेतल्याशिवाय घरी जायचं नाही, ही आपल्या लोकांची रीत. मांडवाच्या कडेला चतुराबाई टेबल मांडून बसल्या होत्या. ह्या प्रती खपल्या तरच दुसरा भाग छापता येईल, असं त्या येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत होत्या. लोक पुस्तक हातात घेत, चाळत, आणि अगदी प्रेमानं सांगत की बाई, आम्ही वाचलं, आमच्या मोबाईलात आहे. गठ्ठा जसाच्या तसा.

समोरच्या रसवंतीच्या आडोशाला सुगत उभा होता. बाईंनी ती फाईल पाहिली असेल का? पाहिली असेल तर तोंड कुठं लपवावं, आणि नसेल तर आपण होऊन सांगावं का? दोनदा निघाला, दोनदा मागं फिरला.

ऊन कलल्यावर एकदाचा गेला. एक प्रत उचलली, पैसे पुढं केले. बाईंनी त्याला बसवलं, पाणी दिलं, आईची तब्येत विचारली. त्याच्या जिवात जीव आला. नाही पाहिलं म्हणजे! मग सवयीप्रमाणे त्यांनी पहिलं पान उघडलं आणि पेनाचं टोपण काढलं. याच बाईंनी हात धरून पाटीवर त्याला त्याचं नाव गिरवायला शिकवलं होतं.

पेन कागदाला टेकवून त्या थांबल्या.

"तुयं नाव टाकू बाबू, का पान कोरंच राहू देऊ?"

सुगतला मान वर करता येईना.

"टाका बाई," तो कसाबसा म्हणाला, "पन सप्रेम लिहू नका."