सबळ कारण

नवरा गेल्यावर इस्त्रीवालीच्या दुकानाला दिराने स्वतःचं कुलूप ठोकलं. तिने कोर्टात दावा लावला आणि घरातच गिऱ्हाइकांच्या कपड्यांना इस्त्री करू लागली.

तारखेच्या सकाळी हातातलं काम उरकून ती निघणार, तोच दीर दार ढकलून आत आला.

"वहिनी, आज कुठं जायचं नाही," म्हणत त्याने तिची वेणी मुठीत गुंडाळली आणि डोकं भिंतीवर आपटलं. तोंडात रक्त आलं. तिने हातापाया पडून पाहिलं, पण तो आपटतच राहिला. शेवटी तिच्या हाताला तापलेली इस्त्री लागली. ती तिने त्याच्या गालावर दाबली आणि तो गुरासारखा हंबरला तरी काढली नाही.

रक्ताळलेल्या कपड्यांनिशी ती कोर्टात पोचली, तेव्हा पुकारे होऊन गेले होते. गैरहजेरीत दावा काढून टाकला होता.

"पुन्हा दाखल करून घ्या म्हणून अर्ज करू," वकील म्हणाला, "पण न येण्याचं सबळ कारण लागेल."

तिने तळहातावर एक दात थुंकला. "हे चालेल?"

न्यायाधीशांनी तिच्याकडे बघितलं आणि दावा पुन्हा दाखल करून घेतला.

पण दिरानेही भाजल्याची फिर्याद केली. "चूक झाली म्हणा, साहेब दया करतील," वकिलाने समजावलं.

"झालीच की," ती म्हणाली. "इस्त्री आधीच उचलली असती, तर वेळेवर पोचले असते."