मी न उतरवलेली ओळ

वाशीला आमच्या वरच्या मजल्यावर इतिहासाचे एक प्राध्यापक राहायचे. ऐंशी सालाच्या आसपासची गोष्ट. इंग्रजांनी मुंबई कशी वसवली, गोदी, गिरण्या, चाळी, नळ आधी कुणाच्या दारात गेला आणि कुणाच्या दारात गेलाच नाही, यावर त्यांचं पुस्तक चाललं होतं. अक्षर मात्र असं, की छापखान्याने हात टेकलेले. माझी शाळा सातवीत सुटली, पण अक्षर बरं. म्हणून दुपारची आवराआवर झाली की मी त्यांचं लिखाण नीट उतरवून काढायची. खरं सांगते, माझी शाळा तिथेच परत भरली. वाशीला येण्याआधीची गिरगावातली आमची खोली एवढीशीच का होती, यालाही इतिहास असतो, हे मला तिशीत कळलं.

शेवटचं प्रकरण आमच्या नव्या शहरावर होतं. त्यात ओळ आली: ‘खाडीपलीकडे खाऱ्या दलदलीचे निर्मनुष्य खाजण होते.’ माझा हात थांबला. कारण रोज सकाळी आमच्या जिन्याशी पाटी टेकणारी कोळंबीवाली मावशी मला काही वेगळंच सांगायची. नव्या शहरासाठी जमीन घेतली जाईपर्यंत तिचं भातशेत इथेच होतं. मी ती ओळ कोरी सोडली आणि पुढचं लिहिलं.

सर कागद घेऊन खाली आले. “ही ओळ राहिली.”

“राहिली नाही, सोडली. इथे माणसं होती, सर.”

“अहो, मी उतरवायला दिलंय, तपासायला नाही. नकाशात खाजणच आहे. तुमच्याकडे कागद आहे काही?”

“कागद नाही. बाई आहे.”

दुसऱ्या दिवशी मावशीला सगळं सांगितलं. ती आधी हसली, मग म्हणाली, “आमी नव्हतोच, असा लिवलाय? मंग सासरा माजा जलमभर चिखल कोनासाटी वाहात व्हता?” पाटी माझ्या दारात ठेवून ती सरांना म्हणाली, “चला ओ मास्तर.”

इमारतीमागे एक पायवाट होती. सेक्टरातले सगळे रस्ते पट्टीने आखलेले, ही एकटी वाकडी. मावशी म्हणाली, हाच बांध. खाडीचं खारं पाणी भातात शिरू नये म्हणून गावाने घातलेला. प्रत्येक घराचा बांधावर वाटा ठरलेला. बांध फुटला की घरटी एक माणूस चिखल घेऊन आपापल्या वाट्यावर धावायचा. ती चालत चालत दाखवत गेली, “ह्यो आमचा. ह्यो जावंचा. हितं त्या मुसलमान चाचाचा, त्याचं मिठागर व्हतं पल्याड.”

“हे कुठल्या दप्तरात नोंदलंय?” सरांनी विचारलं.

“दप्तर कशाला? समद्यांना ठावं व्हतं.”

सरांनी चष्मा पुसला. परतताना मला एवढंच म्हणाले, “ती जागा कोरीच ठेवा. मी नवीन लिहून देतो.”

पुस्तक यायला दोन-तीन वर्षं लागली. एक प्रत त्यांनी मला दिली, आणि मी मावशीची वाट बघत बसले. आली तशी जिन्यावरच पान उघडून वाचून दाखवलं. सरांनी नवीन लिहून दिलेली ती ओळ मीच उतरवली होती, आता तिच्या सासऱ्याचं नाव छापलेलं होतं, चक्क. सासऱ्याने बांध घालून ही जमीन लागवडीला आणली, असं लिहिलं होतं. तिने पदराला हात पुसले. “कंचं अक्षर त्याचं?” मी तिचं बोट नावावर ठेवलं. बोट तिथेच राहिलं.

मग म्हणाली, “आनि बाकीची घरं?”

“बाकीची नाहीत, मावशी.”

“एकल्यानं बांध व्हतो काय गो? गाव हसंल आमाला. म्हनंल, सासऱ्याचा नाव तेवरा घुसवलान.”

मला वाटलं होतं, ती खूश होईल. सरांनीही केवढ्या मनाने लिहिलं होतं! पण इंग्रजांच्या मुंबईतसुद्धा गोदी हजारो हातांनी बांधली तरी बांधणारा म्हणून एकाचंच नाव लागतं, हे मी सरांच्याच पानांत वाचलं होतं आणि इथे माझ्याही लक्षात आलं नव्हतं.

घरातून पेन आणलं. “सांग,” म्हटलं. ती बांधाच्या खाडीकडच्या टोकापासून एकेक घर सांगत गेली, आणि मी समासात माझ्या चांगल्या अक्षरात लिहीत गेले. समास संपला तेव्हा पान आडवं धरलं.