उंच माणसं इंग्रजांच्या बाजूला

सेल्वराज अण्णा गेले. त्यांच्या मुलीचा निरोप आला तेव्हा मी मस्कतमधल्या अल घुब्राच्या खोलीत शर्टाला इस्त्री करत होतो. तामिळनाडूत, गावाजवळच्या एका बांधकामावर काम विचारायला गेले होते, तिथेच छातीत कळ आली... साठीला टेकलेला, मस्कतमध्ये आयुष्य घालवलेला फोरमन काम विचारत का फिरत होता, एवढंच मला सांगायचं आहे.

मी पत्रकं वाचत वाढलो. वडील मोर्चाहून आले की खिशातून घडी घातलेली पत्रकं काढत. माझ्या गोष्टीची पुस्तकं तीच. ओमानात एका बांधकाम कंपनीच्या ड्रॉइंग ऑफिसात लागलो तेव्हा जगाचे दोनच भाग मला माहीत होते, लढणारे आणि मालकाचे. अण्णा मालकाचे, हे साइटवर सगळ्यांनाच वाटे. मजूर त्यांना ‘कंपनी सरकार’ म्हणत, तेही त्यांना ऐकू जाईल असं.

शुक्रवारच्या सुट्टीत जेवणं झाली की अण्णा कॅम्पच्या हॉलमध्ये एक जुना तमिळ चित्रपट लावत. दरवेळी तोच. रंग विटलेला, खरखरणारा. एक पाळेगार, म्हणजे दक्षिणेतला छोटा राजा, ईस्ट इंडिया कंपनीला खंडणी नाकारतो, लढतो, फासावर जातो. त्याचे संवाद सुरू झाले की हॉल दणाणून जाई. अण्णा मात्र शेवटाची वाट बघत. पाळेगाराला फासाकडे नेणाऱ्या गोऱ्या शिपायांच्या गर्दीत, एक्स्ट्रा म्हणून, त्यांचे वडील होते. अण्णा तान्हे असतानाच ते वारले. घरात फोटो नव्हता; होते ते एवढेच, बंदूक धरून पडदाभर चालत जाणारे.

“अण्णा, तुमचे वडील तर इंग्रजांकडून!” मी एकदा बोललोच. धाकट्या भावासारखं ते मला तंबी म्हणत.

“तंबी, लंबा आदमी को इंग्रज बनाया, छोटा आदमी को अपना,” अण्णा हसून म्हणाले. “बाबा लंबा था. खाना दोनों को सेम मिला.”

मग मस्कतमधल्याच अल मवालेहच्या इमारतीचा तो स्लॅब आला. उन्हाळ्यात भर दुपारी उघड्यावर काम घ्यायला कायद्याने बंदी आहे. पण काँक्रीटच्या गाड्या उशिरा आल्या, आणि स्लॅब एकदा ओतायला घेतला की मध्ये थांबता येत नाही. ओलं काँक्रीट सुकलेल्याला नीट धरत नाही, जोड कायमचा राहतो. मॅनेजर खालून “यल्ला, यल्ला”, चला, आटपा, असं ओरडत होता. नरसय्या नावाचा तेलंगणचा मजूर सळ्यांवर कोसळला. घाम थांबलेला, अंग तव्यासारखं. आम्ही तिघांनी त्याला सावलीत नेलं. अण्णांनी हात वर करून काँक्रीटचा पंप बंद करायला लावला.

“बीच में रुका तो जोड़ दिखेगा, मालूम है ना?” मॅनेजर म्हणाला.

“दिखने दो. काम खलास. सब नीचे.”

नरसय्या वाचला. अण्णांना त्याच आठवड्यात काढलं, परतीचं तिकीट हाती ठेवलं; कारण दिलं, निष्काळजीपणामुळे स्लॅब खराब. त्यांच्या मुलीच्या नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाची फी भरायची राहिली होती. ते बॅग भरत असताना मी तावातावाने म्हणालो, “तुम्ही त्या पाळेगारासारखे उभे राहिलात!”

“नहीं रे. उसको डायलॉग मिला, मेरे को टिकट.”

मी कामगार खात्यात तक्रार केली. चौकशी चालू आहे, असं सांगतात. गावी अण्णांना सगळीकडे एकच उत्तर मिळालं, वय झालं. त्यांच्या मरणाला कुणी हृदयविकार म्हणावं; मी म्हणणार नाही.

परवा मी त्या इमारतीत गेलो. आता तिथे कुटुंबं राहतात. तळमजल्याच्या पार्किंगमध्ये वर पाहिलं, तर छताच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत एक वाकडी रेघ गेली आहे. दोनदा रंग दिला, तरी ओल धरून ती पुन्हा वर येते, असं वॉचमन कुरकुरत होता. मी बराच वेळ मान वर करून उभा होतो. त्या रेघेपाशी नरसय्याचा जीव वाचला, आणि अण्णांचा जायला सुरुवात झाली...