डब्यांची नावं
"वहिनी, ही मुलगी गुणी आहे हो, पण हिच्या घरी वाट बघत असतील ना?" आई माझ्याकडे बोट दाखवत शेजारच्या काकूंना हळूच विचारत होती. जुईनगरच्या आमच्या स्वयंपाकघरात मी लॅपटॉपवर टॅग, म्हणजे मोबाइलने वाचता येणाऱ्या चिकट चकत्या, लिहायचं सॉफ्टवेअर बसवत होते. स्मृतिभ्रंशामुळे आईला आता मीठ-साखरही ओळखू येईना, म्हणून मोबाइल टेकवला की डब्याने स्वतःचं नाव सांगावं, एवढ्यासाठी ही खटपट. स्टीलच्या डब्यांवर धातूमुळे टॅग चालेनात, तेव्हा सगळं प्लास्टिकच्या बरण्यांत ओतलं. बोटांना हिंगाचा वास लागला होता. शेवटच्या टॅगसाठी मी 'मी तुझी मुलगी' असं टाइप केलं, कारण हे तिला तोंडाने सांगणं मला कधी जमलंच नाही. तो टॅग आजही माझ्याकडे कोराच आहे. टॅगवर मजकूर उतरवायचं बटण न दाबताच मी उठले, आईचा हात धरला आणि म्हणाले, "मी इथेच राहते, आई."