शास्त्रज्ञाचा लाल बल्ब

लालबागच्या आमच्या चाळीत बाबांना ‘शास्त्रज्ञ’ म्हणत, पण ते काही कौतुकाने नव्हे. कुणाचा फ्यूज उडाला की गॅलरीतून हमखास आवाज यायचा, “शास्त्रज्ञ घरात आहे का बघा!” बाबांना तो ऐकू जायचा नाही. मला जायचा, आणि माझे कान तापायचे.

बाबा गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर होते. शेकडो मागांच्या खडखडाटात त्यांचे कान गेले. त्या खात्यातली माणसं तोंडाने आवाज न काढता नुसते ओठ हलवून बोलायची आणि एकमेकांचे ओठ वाचायची. आई लग्न होऊन आली तशी तेच शिकली, मी तर बोलायला शिकतानाच दोन्ही शिकले. त्यामुळे आमच्या घरातलं भांडण मोठं मजेशीर असायचं. शेजाऱ्यांना कळू नये म्हणून आई नुसते ओठ हलवायची आणि बाबा तिला खच्चून उत्तर द्यायचे. गॅलरीला भांडणाची एकच बाजू ऐकू जायची. बाबा भांडकुदळ आणि आई गरीब गाय, हे चाळीचं मत त्यातूनच पक्कं झालं. खरं काय ते मला विचारा!

मी तिसरीत असताना शाळेतून आले तर दाराला आतून कडी. बाबा तिसरी पाळी करून झोपलेले, आई कामावर. मी दार ठोठावून ठोठावून रडकुंडीला आले आणि शेवटी शेजारणीकडे जाऊन बसले. संध्याकाळी बाबांना हे कळलं. पुढच्या रविवारी त्यांनी दाराला आतून लोखंडाची एक पातळ पट्टी बसवली. दार ठोठावलं की ती थरथरायची, तारेला टेकायची आणि त्यांच्या उशाशी लाल बल्ब लुकलुकायचा. गॅलरीतून कुणी पळत गेलं तरी लुकलुकायचा. घरात प्लगची जागा नव्हती म्हणून वायर त्यांनी जिन्याच्या दिव्याला जोडली होती, आणि नेमकी चाळीच्या सेक्रेटरींच्या घरच्या सत्यनारायणाच्या दिवशी सगळ्या मजल्याची लाईट गेली. चाळीची मीटिंग भरली. सेक्रेटरी सगळ्यांत जास्त ओरडले. बाबा मान खाली घालून उभे होते, आणि मी खांबाआड. पुढे काही दिवसांनी तो बल्ब भिंतीवरून उतरला, दाराला कडीऐवजी लॅचचं कुलूप बसलं आणि माझ्या गळ्यात चावी आली.

ही गोष्ट मी जन्मभर मनात धरून बसले होते. मागच्या वर्षी एका ॲपसाठी ऐकायची मालिका लिहायला मिळाली, तेव्हा ती बाहेर आली. मालिकेतल्या नगरात सगळं आवाजावर चालतं. गुणगुणलं की दारं उघडतात, टाळीने दिवे लागतात, आणि बहिऱ्याला तिथे घर मिळत नाही. एक माणूस आवाजाचा उजेड करणारा दिवा शोधून काढतो. निम्मं नगर त्याला डोक्यावर घेतं, उरलेलं निम्मं त्याच्या जिवावर उठतं. बारा भाग होते. शेवटच्या भागात तो भरसभेत स्वतःच्या हाताने दिवा फोडतो आणि नगर सोडून निघून जातो.

बाबांना मी काहीच सांगितलं नव्हतं. त्यांना थोडंच ऐकू येणार, असं मनाशी म्हणाले होते. लिहायलाही लाज वाटते, पण म्हणाले होते. अकरावा भाग आला आणि खालच्या मजल्यावरच्या कुणीतरी बाबांना पाटीवर लिहून कळवलं. दुसऱ्या दिवशी वडाळ्याला माझ्या घरी बाबांचा मेसेज आला, “रविवारी ये. माझ्यावर काय लिहिलंस ते सांग.” सोमवारी शेवटच्या भागाचं रेकॉर्डिंग होतं. ज्या माणसाने चाळीसमोर एकदा मान खाली घातली, त्याला मी पुन्हा जगासमोर उभं केलं होतं, तेही न विचारता. तीन दिवस मला धड घास गिळवला नाही.

आई आता नाही. बाबा खिडकीपाशी, उजेडात बसले होते. समोर स्टूल मांडून ठेवलेलं. मी बसले आणि आवाज न काढता पहिल्या भागापासून सांगायला लागले. त्यांचे डोळे माझ्या ओठांवरून हलत नव्हते. दोन वेळा पाणी प्याले मी. अकरा भाग संपल्यावर थांबले.

“मगे?” पुढे काय, बाबांनी त्यांच्या मालवणीत विचारलं.

दिवा फोडतो आणि निघून जातो, मी ओठांनी सांगितलं.

“खय जाता? दिवो कित्याक फोडता?” ते इतक्या जोरात ओरडले की मी दचकले. “ह्या खोटा लिवलंस तू! मी खय गेलंय? हयच रवलंय!”

आणि मग बाबांकडूनच कळलं. मीटिंगमध्ये सगळ्यांत जास्त ओरडलेले सेक्रेटरी चौथ्या दिवशी गुपचूप आले होते. “म्हणता, माझ्या बापाशीक पण एक बसव, पण कोणाक सांगू नको.” मग नायगावात तिघांकडे, भायखळ्याला दोघांकडे, सगळे साचेखात्यातले. दर रविवारी पिशवी घेऊन बाबा जायचे, ते आम्हाला वाटायचं तसं पत्ते खेळायला नव्हेच!

आणि आपला का काढलात, मी विचारलं.

“तुका चावी दिलंय, मगे बल्ब कित्याक व्हयो?”

चावी असल्यावर बल्ब हवा कशाला! एवढंच होतं. इतकी वर्षं मी जे ओझं त्यांचं समजून वाहत होते, ते त्यांच्याकडे कधी नव्हतंच. मला हसू फुटलं आणि रडूही आलं, आणि तीन दिवसांनी कडकडून भूक लागली.

शेवट बदलते, मी म्हटलं. तो नगरातच राहतो. दर रविवारी पिशवी घेऊन मागच्या दारांनी लोकांकडे जातो.

“पुढल्या दारान!” बाबा गरजले. “आता कोणाक भियाचा? पुढल्या दारान जाऊ दे त्याका!”

तेवढ्यात शेजारीण हातातलं लाटणं तसंच घेऊन धावत आली. “अहो, काय झालं? इतक्या दिवसांनी पोर आलीय, तिला ओरडताय कशाला?”

बाबांनी तिचे ओठ वाचले आणि हाताने तिला बाजूला व्हायला सांगितलं. ती माझ्यावरचा उजेड अडवत होती.

“ओरडत नाय गो,” ते म्हणाले. “गोष्ट ऐकतंय.”