साडूभाऊंची मोरघार

सर्व संबंधितांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, मुरबाड तालुक्यात आकाशाकडे बघण्याचा अधिकार एकाच माणसाला होता आणि तो माणूस म्हणजे माझे टोकावड्याचे थोरले साडू. इतरांनी वर पाहिलं तरी त्यांना काही दिसत नाही, असं त्यांचं ठाम मत. उडेल त्या पक्ष्याला गाव घार म्हणायचं आणि साडूभाऊ भांडण काढायचे. माझ्या लग्नात, अंतरपाट धरलेला असताना, ते मांडवाबाहेर धावत जाऊन ओरडले होते, "घार नाय रे, शिक्रा हाय त्यो!" भटजींची मंगलाष्टकं चुकली. साडूभाऊंचा शिक्रा मात्र बरोबर होता.

घाटातल्या कड्यावर मोरघारीचं, म्हणजे तुरेवाल्या गरुडाचं, घरटं होतं. ते कुठे आहे हे त्यांनी बायकोलाही सांगितलं नव्हतं. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस शिकारी पक्ष्यांवर माहितीपट काढणारी मंडळी आली, "काका, तुम्ही टीव्हीवर दिसणार" म्हणाली आणि साडूभाऊ विरघळले. त्या हिवाळ्यात त्यांनी म्हशाची जत्रासुद्धा चुकवली. कॅमेऱ्याच्या पेट्या डोक्यावर घेऊन ते अनवाणी कडा चढायचे. एकदा घरट्यापाशी तंबाखू-चुन्याची पिवळी डबी विसरले.

"आणा की जाऊन," मी म्हणालो.

"नको. पिल्लू निंगालंय. मादी बिथरंल. ऱ्हाऊ दे डबी."

"माझ्यापायी तंबाकू सोडली नाय," मेव्हणी कडाडली, "नि पाखरापायी सोडली!"

दोन वर्षांनी माहितीपट लागला. साडूभाऊंनी घरोघर जाऊन आमंत्रण दिलं आणि ठेवणीतला सफारी घालून टीव्हीसमोर बसले. मोरघार आली, पिल्लू आलं, त्यांनी दाखवलेला कडा आला. साडूभाऊ काही येईनात. "थांबा, आत्ता येन मी," ते दर दोन मिनिटांनी सांगत होते. मग पडद्यावर घरटं अगदी जवळून दिसलं आणि भारदस्त हिंदी आवाज म्हणाला, "यहाँ आज तक किसी इंसान के कदम नहीं पड़े." त्याच वेळी काटक्यांशेजारी ती पिवळी डबी स्वच्छ दिसत होती.

त्या दिवसानंतर त्यांनी मान वर करून आकाशाकडे बघितलेलं मला आठवत नाही. साडूभाऊ आता नाहीत. पण टीव्हीवर कुठलाही गरुड दिसला, की त्या वेळचं त्यांचं ओरडणं मला अजून ऐकू येतं:

"मानूस नाय पोचला? मंग ती डबी कोनाची रे? मोरघार तंबाकू खाते काय?"