परवानाधारकाची बायको

आमचे हे केमिस्ट. मोठ्या हॉस्पिटलच्या फाटकासमोर आमचं औषधांचं दुकान आहे, आणि डॉक्टरांचं अक्षर लागणं हीच यांची आयुष्यातली मर्दुमकी. पिंजऱ्यात उंदीर सापडला तर त्याला दूर नेऊन सोडून येणारा माणूस. अशा माणसाच्या कमरेला पिस्तूल आलं, ते धाकट्या भावजींमुळे. तेही दुकानातच बसायचे. एका दुपारी दोघे जण चिठ्ठीशिवाय गुंगीच्या गोळ्या मागायला आले. भावजी नाही म्हणाले. हे मागच्या खोलीत खोकी फोडत होते. आवाज ऐकून बाहेर येईपर्यंत भावजींचा जीव गेला होता.

हे रडले नाहीत. दुकान पुन्हा उघडलं, पण काउंटरवर उभे राहिले की हात थरथरायचा. एकदा मधुमेहाच्या गोळ्यांऐवजी रक्तदाबाच्या दिल्या. गिऱ्हाइकानेच परत आणून दिल्या म्हणून निभावलं. त्याच आठवड्यात यांनी परवान्यासाठी अर्ज केला.

मला वाटलं होतं, असल्या भित्र्या माणसाला दारातूनच हाकलतील. पण कायद्याला हवा असतो तो असाच माणूस. पोलिसांत नोंद नाही, दारू नाही, कोणाशी भांडण नाही. डोळे तपासले, मग डोकं तपासलं. "डोकं ठिकाणावर असल्याचा दाखला मिळालेला आपल्या घराण्यातला हा पहिलाच," सासूबाई म्हणाल्या. शेजाऱ्यांनी चांगल्या वागणुकीची ग्वाही दिली. नेमबाजीचं शिक्षण झालं. जिवाला धोका का आहे ते लिहून द्यावं लागलं, तेव्हा भावजींचं नाव यांनी दुकानाच्या बिलावर लिहावं तसं लिहिलं. घरातलं सज्ञान माणूस म्हणून संमतीच्या एका कागदावर मीही न वाचताच सही केली.

शहरात पिस्तूल बाळगायचं तर ते कोणाला दिसता कामा नये. म्हणून शर्ट एक माप मोठे आले. हात वर केला की शर्ट वर जातो, म्हणून दुकानातल्या वरच्या फळ्या रिकाम्या झाल्या. शाळेत, कोर्टात, सभेत, दारू मिळते त्या हॉटेलात आणि हॉस्पिटलात ते न्यायचं नाही. गाडीत सोडायचं नाही. दुसऱ्याच्या हातात द्यायचं नाही. ठेवायचं ते फक्त घरी, भिंतीत पक्क्या बसवलेल्या तिजोरीत. दुकानात ठेवायची परवानगी नव्हती. हे सगळं यांना तोंडपाठ होतं. सासूबाई यांना नियमावली म्हणायच्या. "नियमावली जेवली का गं?" असं मला विचारायच्या.

हात मात्र थरथरायचा थांबला. हे मी नाकारत नाही. पण माणूस अंग चोरून वागायला लागला. कोणी पाठीवर थाप मारायला आलं तर हे एक पाऊल मागे सरायचे. रात्री पिस्तूल तिजोरीत असायचं, तरी झोपताना पिस्तुलाची ती उजवी बाजू यांनी मला कधी दिली नाही. मीही मागितली नाही. सवय होते.

मग सासूबाईंना त्याच समोरच्या हॉस्पिटलात ठेवावं लागलं. पहिल्या मजल्यावर त्यांची खाट होती, खिडकीतून दुकानाची पाटी दिसायची. हे सकाळी दुकानात जाण्याआधी, पिस्तूल घरी ठेवून, त्यांना भेटून जायचे. मग परत घरी येऊन ते कमरेला लावायचे आणि दुकान उघडायचे. संध्याकाळी पुन्हा तसंच. घराच्या वाटेवर मधे पूल लागतो, आणि पुलावर गाड्या मुंगीच्या पावलांनी सरकतात.

एका दुपारी सासूबाईंचा श्वास बिघडला. "त्याला बोलव," एवढंच म्हणाल्या. मी फोन केला. मी खिडकीतून बघत होते. हे दुकानातून धावत निघाले, रस्ता ओलांडला आणि फाटकाशी थांबले. तिथला रखवालदार ओळखीचा. दोघांचं काही बोलणं झालं, आणि हे वळून रिक्षात बसले.

रखवालदाराने नंतर मला सांगितलं. तो म्हणाला होता, "साहेब, जा ना आत. मी तुम्हाला तपासणार आहे का?"

"आत नेता येत नाही."

"मग माझ्याकडे द्या घटकाभर."

"तुझ्या हातात देणं हा त्याहून मोठा गुन्हा. तूही अडकशील."

हे घरी गेले, पिस्तूल तिजोरीत ठेवलं आणि परत आले. तोवर परिचारिकेने नळ्या काढल्या होत्या. यांनी आईच्या कपाळावर हात ठेवला. मला राग यायला हवा होता. आला नाही. काहीच आलं नाही. दुसऱ्या आठवड्यात यांनी पिस्तूल लावून दुकान उघडलं आणि मी डबा भरून दिला.

परवान्याची मुदत संपत आली तेव्हा नूतनीकरणाच्या चौकशीसाठी पोलीस अधिकारी बाई घरी आल्या. तिजोरी हलवून बघितली. "एकही तक्रार नाही," म्हणाल्या. "असा परवानाधारक दिवा घेऊन शोधला तरी सापडायचा नाही." मग यांना स्वयंपाकघरात बसायला सांगून त्या माझ्यासमोर बसल्या.

"ताई, तुमची संमती लागते. मारतात का कधी?"

"नाही."

"धाक दाखवतात?"

"नाही. सगळे नियम पाळतात."

"मग लिहू ना, हरकत नाही?"

"हरकत आहे," मी म्हणाले. "मला ते घरात नको."

"कारण?"

"नको. एवढंच."

बाईंनी हरकत लिहून घेतली. "एवढं पुरतं. तुम्ही सही केली तेव्हापासून, कधीही नाही म्हणू शकला असता. त्याच कागदावर लिहिलेलं आहे."

यांना बाहेर बोलावलं. आमचं घर ते केवढं, यांनी सगळं ऐकलं होतं. यांनी तिजोरी उघडली, शिकवलं होतं तसं पिस्तूल रिकामं केलं आणि टेबलावर ठेवलं. बाईंनी पोच दिली आणि त्या गेल्या.

आता हे ओरडतील म्हणून मी उभीच राहिले. ओरडले असते तर बरंच वाटलं असतं. पण हे खुर्चीवर बसले.

"कधीही नाही म्हणता येतं, हे तुला माहीत नव्हतं?"

"नाही," मी म्हणाले. "तुम्हाला?"

"मला होतं. माझ्याच्याने ते सुटत नव्हतं गं. आईला हॉस्पिटलात ठेवलं, त्या दिवसापासून वाट बघत होतो, तू नाही म्हणशील म्हणून."